मिसिसिपी पॉट रोस्ट: स्लो कुकरमधल्या आंबट, बेताच्या तिखट रोस्टबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

अमेरिकेत राहायला आलेल्या मराठी घरांत स्लो कुकर, म्हणजे मंद आचेवर तासन्‌तास शिजवणारं विजेचं भांडं, दोन वाटांनी येतो. एक तर कुणीतरी भेट देतं, नाहीतर थँक्सगिव्हिंगच्या सेलमध्ये स्वस्तात मिळतो. मग एकदा डाळ, एकदा खीर करून तो कपाटाच्या वरच्या फळीवर जातो. मिसिसिपी रोस्ट हा त्याला खाली काढायला लावणारा पदार्थ आहे. याबद्दल जे प्रश्न सारखे येतात, त्यांची उत्तरं इथे एका ठिकाणी दिली आहेत. भारतात राहून करू पाहणाऱ्यांसाठीही बरंच काही आहे.

हा पदार्थ नेमका आहे काय?

बीफच्या खांद्याचा मोठा, अख्खा तुकडा. त्यावर रँच ड्रेसिंगच्या (ताकाच्या चवीच्या सॅलड सॉसच्या) पावडरीचं एक पाकीट, ओ ज्यू ग्रेव्हीच्या (मांसाच्या पातळ रसाच्या) पुडीचं एक पाकीट, बटरची एक कांडी आणि व्हिनेगरमध्ये मुरवलेल्या थोड्या पेपरोन्चिनी मिरच्या. झाकण लावायचं आणि आठ तास विसरून जायचं. शेवटी मांस काट्यानं सुटं होतं आणि तळाशी आंबट, खारट, लोणकट रस साठतो. तिखटपणा जिभेला कळेल एवढाच. सहा-सात वर्षांची मुलंही कुरकुर न करता खातात.

नाव मिसिसिपी का?

कारण तो तिथलाच आहे. मिसिसिपी राज्यातल्या रिप्ली गावच्या रॉबिन चॅपमन यांनी १९९०च्या दशकात तो केला. त्यांच्या मावशीच्या कृतीत इटालियन ड्रेसिंगची पावडर होती. मुलांना सोसेल असं सौम्य काहीतरी हवं म्हणून चॅपमन यांनी तिच्या जागी रँच घातलं. त्या स्वतः याला नुसतं ‘रोस्ट’च म्हणायच्या. एका मैत्रिणीनं ती कृती चर्चच्या पाककृतींच्या पुस्तकात दिली, तिथून ती ब्लॉगवाल्यांच्या हाती लागली आणि मिसिसिपी हे नाव वाटेत कुणीतरी चिकटवलं. २०१६ साली न्यू यॉर्क टाइम्समध्ये सॅम सिफ्टन यांनी या प्रवासावर लिहिलं, पाकिटांऐवजी घरच्या मिश्रणाची कृती दिली आणि पदार्थ सगळीकडे पोचला.

साहित्य किती घ्यायचं?

सहा ते आठ जणांसाठी:

बोनलेस चक रोस्ट (बीफचा खांदा), दीड किलोच्या आसपास (तीन ते साडेतीन पौंड)
रँच ड्रेसिंग मिक्सचं १ पाकीट (साधारण २८ ग्रॅम)
ओ ज्यू ग्रेव्ही मिक्सचं १ पाकीट (साधारण २८ ग्रॅम)
बिनमिठाचं बटर, १ कांडी (११३ ग्रॅम)
पेपरोन्चिनी ६ ते ८, शिवाय बाटलीतलं आंबट पाणी २ ते ३ मोठे चमचे

बटर अर्धं घेतलं तरी चालतं, आणि माझ्या मते अर्ध्यातच जास्त चांगलं लागतं. चकच्या तुकड्यात स्वतःची चरबी भरपूर असते. पूर्ण कांडी घातली की वर तुपाचा जाड तवंग येतो आणि मिरच्यांचा आंबटपणा त्याखाली दबतो.

कृती?

मांस फ्रिजमधून काढून कागदी टॉवेलनं कोरडं करा. कुकरच्या भांड्यात ठेवा. दोन्ही पाकिटं वरून भुरभुरवा, बटरचे तुकडे पसरा, मिरच्या अख्ख्याच ठेवा, बाटलीतलं पाणी कडेनं सोडा. झाकण. लो वर ८ तास. मग दोन काट्यांनी मांस भांड्यातच सुटं करायचं, रसात कालवायचं आणि दहा-पंधरा मिनिटं तसंच ठेवायचं म्हणजे रस आत शिरतो. मिरच्यांचे देठ काढून टाका. संपली कृती.

सुरुवातीचं दृश्य बघून धीर सोडू नका. कच्चं मांस, त्यावर पांढरट-तपकिरी पूड आणि मधोमध बटरचा ठोकळा, हे काही देखणं प्रकरण नाही.

पाणी घालायचंच नाही? खाली लागणार नाही का?

सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच. नाही, पाणी घालायचं नाही, आणि खाली लागत नाही.

आपला हात प्रेशर कुकरवर तयार झालेला असतो. तिथे पाणी नसेल तर वाफ होत नाही, म्हणून पाण्याशिवाय कुकर लावायचा म्हटलं की जीव घाबरतो. स्लो कुकरची तऱ्हा वेगळी आहे. आच मंद असते आणि बहुतेक कुकरमध्ये ती भांड्याच्या भिंतींभोवतून येते. मांस तापलं की स्वतःचं पाणी सोडतं. ते वाफ होऊन झाकणाला लागतं आणि थेंबथेंब परत खाली येतं. बाहेर फार थोडं जातं. दीड किलोच्या तुकड्यातून शेवटी दीड-दोन कप रस सहज निघतो. वरून दोन कप पाणी ओतलंत तर रोस्ट होणार नाही, उकडलेलं मांस आणि फिकं सूप होईल.

अगदीच राहवत नसेल तर तेवढ्या जागी बाटलीतलं आंबट पाणी आणखी दोन चमचे घाला.

दुकानात बीफचे वीस प्रकार दिसतात. कुठलं उचलू?

लेबलवर चक असं लिहिलेलं. हा जनावराचा खांद्याकडचा भाग. खूप चालणारा, राबणारा स्नायू, त्यामुळे त्यात चिवट तंतू आणि पांढऱ्या पडद्यांसारखी संयोजक ऊती भरपूर असते. ती ऊती म्हणजे मुख्यतः कोलॅजन. साधारण ७० अंश सेल्सिअसच्या पुढे कोलॅजनचं हळूहळू जिलेटिन होऊ लागतं आणि त्याला तास लागतात. रसाला जो ओठांना चिकटणारा दाटपणा येतो तो या जिलेटिनचा.

तुकडा निवडताना लाल मांसात पांढऱ्या चरबीच्या रेघा पसरलेल्या आहेत ना, एवढं पाहा. गुळगुळीत, एकसारखा लाल तुकडा ‘कमी फॅट’ म्हणून घेतला तर पस्तावाल. राउंड नावाचे मागच्या मांडीचे तुकडे स्वस्त असतात, पण आठ तासांनी ते दोऱ्यासारखे कोरडे होतात. टेंडरलॉइन किंवा सरलॉइन हे पाठीकडचे महाग, मऊ तुकडे घालणं म्हणजे पैसे वाया. ब्रिस्केट (छातीचा भाग) चालतं, मात्र तास-दोन तास जास्त द्या.

आम्ही बीफ खात नाही. मटणाचं होईल?

होतं, आणि छान होतं. पण आपण मटण नेहमी तुकडे करून आणतो, ते इथे उपयोगाचं नाही. खाटकाला अख्खा खांदा मागा, हाडासकट, फक्त भांड्यात मावेल असा मधे एकदा तोडून. मागची मांडीही चालते, पण ती खांद्यापेक्षा कोरडी होते. सीना आणि चाप इथे नकोत. हाडांचे बारीक तुकडे सुटून रसात येतात आणि खाताना दाताखाली सापडतात. दीड किलोच्या खांद्याला लो वर सहा ते सात तास धरा. बोकड कोवळा असेल तर साडेपाच तासांनंतर एकदा तपासा.

बकऱ्याच्या मांसात चरबी कमी, म्हणून इथे बटर कमी करू नका. ओ ज्यूच्या पाकिटाला बीफचा स्वाद असतो आणि अनेकांत बीफचा अर्कही असतो, त्यामुळे बीफ वर्ज्य असेल तर ते पाकीटही वर्ज्य. त्याऐवजी अर्धा कप दाट अळणी घाला. कोल्हापूरकडे मटण शिजवताना बिनतिखटाचं जे अळणी पाणी बाजूला काढतात तेच, आटवून निम्मं केलेलं. पाकिटापेक्षा काकणभर सरसच लागतं.

आणि पोर्क, चिकन, म्हशीचं मांस?

पोर्कचा खांदा या पदार्थासाठी जणू जन्माला आला आहे. आंबट आणि डुकराचं मांस यांचं जमतं हे गोव्याला सांगायला नको. माडाच्या ताडीचं गोव्याचं व्हिनेगर घरात असेल तर मिरच्यांच्या पाण्यासोबत त्याचाही एक चमचा घाला. वेळ बीफएवढाच.

चिकनसाठी फक्त मांड्या घ्या, लो वर चार तास. ब्रेस्ट घातलं तर भुसा होतो.

महाराष्ट्रात २०१५पासून गायीबरोबरच बैल आणि वळू यांच्या कत्तलीवरही बंदी आहे, म्हशीचं मांस मिळतं. ते बीफपेक्षा कमी चरबीचं, म्हणून बटर पूर्ण घाला आणि तास-दीड तास जास्त धरा.

आधी तव्यावर परतून घेणं गरजेचं आहे का?

मूळ कृतीत नाही. सिफ्टन यांच्या कृतीत आहे: पिठात घोळवून कढईत तपकिरी करून घ्यायचं.

फरक पडतो का? पडतो. कोरड्या तापलेल्या लोखंडी कढईत मांसाच्या पृष्ठभागावर जो खरपूस थर येतो तो स्लो कुकरमध्ये कधीच येणार नाही, कारण तिथे सगळं वाफेत चालतं आणि तापमान पाण्याच्या उकळबिंदूच्या वर जात नाही. परतल्यानं रसाला रंग येतो, खोली येते. पण सकाळी साडेसातला डबे भरण्याच्या गडबडीत कुणी मांस परतत बसणार असेल तर त्याला माझा नमस्कार. आठवड्यात न परतता, रविवारी परतून, असा व्यवहार ठेवा.

परतलंत तर कढईत चिकटलेला खमंग थर मिरच्यांच्या आंबट पाण्यानं खरवडून भांड्यात घालायला विसरू नका.

लो आणि हाय यांत तापमानाचा फरक असतो ना?

बहुतेकांना तसं वाटतं. प्रत्यक्षात बऱ्याच स्लो कुकरांत दोन्ही सेटिंगवर शेवटी तापमान जवळपास एकाच ठिकाणी पोचतं, उकळीच्या किंचित खाली. हाय वर ते लवकर पोचतं, लो वर सावकाश. ढोबळ हिशेब: लो वरचे आठ तास म्हणजे हाय वरचे चार ते पाच.

या रोस्टसाठी लो च बरं. कोलॅजनला वेळ हवा असतो, घाई केली तर तुकडा बाहेरून कोरडा आणि मधे चिवट राहू शकतो. उशीर झाला असेल तर पहिला तास हाय, पुढे लो, हा मधला मार्ग आहे.

मधे झाकण काढून ढवळू का?

नको! झाकण एकदा उघडलं की कोंडलेली वाफ जाते आणि पुन्हा तेवढं तापायला वीस ते तीस मिनिटं लागतात. चार वेळा डोकावलात तर जेवण दीड तासानं लांबलं म्हणून समजा. काचेचं झाकण त्यासाठीच दिलेलं असतं. पाचेक तासांनी भांड्याच्या कडेला बारीक बुडबुडे दिसले की सगळं ठीक चाललंय.

आठ तास झाले, तरी मांस चिवट आहे. जास्त शिजलं का?

उलट आहे, कमी शिजलंय. हे लोकांना पटत नाही, पण चकच्या बाबतीत चिवटपणाचा अर्थ जवळजवळ नेहमी ‘अजून वेळ द्या’ हाच असतो. ७५ अंशांवर मांस खायला सुरक्षित असतं, पण चावलं जात नाही. तंतू सुटे व्हायला आतलं तापमान ९२ ते ९६ अंश सेल्सिअसपर्यंत जावं लागतं आणि तिथे काही काळ राहावं लागतं.

तापमापक नसेल तर काटा. तुकड्याच्या सगळ्यात जाड भागात काटा खुपसा आणि मनगट फिरवा. काट्याबरोबर मांस आपसूक वळलं, रेषा उलगडल्या, तर झालं. काट्यासोबत अख्खा तुकडा फिरला तर झाकण लावा आणि एक तास इकडे फिरकू नका. फार मोठा, चेंडूसारखा गोल तुकडा असेल तर सुरुवातीलाच त्याचे दोन भाग करणं शहाणपणाचं.

पेपरोन्चिनी म्हणजे काय? भारतात काय वापरू?

फिकट पिवळट-हिरव्या, सुरकुतलेल्या, मऊ मिरच्या, व्हिनेगर आणि मिठाच्या पाण्यात मुरवलेल्या. अमेरिकेत पिझ्झाच्या खोक्यात कोपऱ्यात एखादी ठेवलेली असते ती हीच. तिखटपणा स्कोव्हिल मापावर १०० ते ५००. हालापेन्यो २,५०० ते ८,००० असते, यावरून अंदाज घ्या. म्हणजे या मिरचीचं मुख्य काम आंबटपणा देणं. तिखटपणा नावापुरता.

भारतातल्या मोठ्या शहरांत आयात मालाच्या दुकानांत बाटली मिळते, पण महाग पडते. भज्यांसाठी घेतो त्या लांब, जाड, फिकट भावनगरी मिरच्या उत्तम पर्याय आहेत. पाव किलो मिरच्यांना एकेक चीर द्या. एक कप पांढरं व्हिनेगर, एक कप पाणी, दीड मोठा चमचा मीठ, एक मोठा चमचा साखर आणि ठेचलेल्या लसणीच्या दोन-तीन पाकळ्या उकळा. काचेच्या स्वच्छ बरणीत मिरच्या भरून हे कढत पाणी त्यावर ओता. गार झालं की फ्रिजमध्ये. दोन-तीन दिवसांत मिरच्यांचा हिरवा रंग मळकट होतो, साल मऊ पडते, मग त्या वापरायला तयार झाल्या.

पोपटी तिखट मिरच्या घालू नका. आठ तासांत त्यांचा सगळा जाळ रसात उतरतो आणि मग ‘बेताचं तिखट’ हा शब्द विसरावा लागतो. आपलं मोहरीचं मिरची-लोणचंही नको. तेल, मोहरी, हिंग यांनी पदार्थ भलतीकडेच जातो.

पाकिटं मिळत नाहीत, किंवा त्यांतली यादी वाचून नकोशी वाटतात. घरी काय करू?

रँचच्या पाकिटात असतं काय? ताकाची पूड, लसूण, कांदा, वाळलेल्या पाल्याच्या पुडी, मीठ आणि चव वाढवायला बहुधा मोनोसोडियम ग्लुटामेट. पाल्यांत मुख्य असतो शेपू. होय, मुलं ज्या भाजीला नाक मुरडतात तोच. रँच ड्रेसिंग १९५०च्या दशकात कॅलिफोर्नियात सांता बार्बराजवळ स्टीव्ह हेन्सन यांच्या हिडन व्हॅली रँचवर नावारूपाला आलं.

घरचं मिश्रण असं: ताकाची पूड २ मोठे चमचे, वाळलेला शेपू १ चहाचा चमचा, पार्सली असल्यास १ चमचा, लसूण पूड १ चमचा, कांद्याची पूड १ चमचा, मिरपूड अर्धा, मीठ पाऊण, साखर चिमूट. ताकाची पूड नसेल तर दुधाची पूड आणि दोन चिमटी लिंबूसत्त्व. शेपू घरी सावलीत वाळवला तर तीन-चार दिवसांत चुरा होतो. कोवळा पाला तेवढा घ्या, देठं काढा.

ओ ज्यूच्या जागी बीफ स्टॉकचा एक क्यूब चुरून, सोबत अर्धा चमचा कांद्याची पूड आणि एक मोठा चमचा सोया सॉस. क्यूब आणि सोया दोन्ही खारट, तेव्हा वरच्या मिश्रणातलं मीठ अर्धं करा. गहू चालत नसेल तर ओ ज्यू पाकिटावरची आणि सोया सॉसच्या बाटलीवरची यादी वाचूनच घ्या.

फार खारट झालंय, काय करू?

दोन पाकिटं, मिठाच्या पाण्यातल्या मिरच्या आणि त्यात खारट बटर, असं झालं असणार. कच्चा बटाटा टाकल्यानं मीठ शोषलं जातं ही समजूत सोडा. बटाटा खारं पाणी पितो, उरलेलं तितकंच खारं राहतं. मांस बाहेर काढा, रसातला निम्मा बाजूला करा आणि राहिलेल्यात गरम पाणी किंवा अळणी स्टॉक घाला. बाजूला काढलेला रस फेकू नका, गोठवून ठेवा. पुढच्या वेळी डाळीत किंवा पुलावात मिठाच्या जागी तो कामी येतो.

पुढच्या खेपेला बटर बिनमिठाचं घ्या आणि ओ ज्यूचं पाकीट अर्धंच टाका. वरून मीठ कुठल्याच टप्प्यावर घालायचं नाही.

आंबटपणा कमी-जास्त कसा करू?

वाढवणं सोपं आहे: शेवटी, मांस सुटं करताना, बाटलीतलं पाणी चमचा चमचा घालत चाखा. सुरुवातीलाच भरमसाट घातलेलं आंबट आठ तासांत बोथट होतं, शेवटी घातलेलं ताजं लागतं. म्हणून आंबट दोनदा घालावं, थोडं आधी आणि थोडं नंतर. सगळ्या कृतीत जपायची गोष्ट म्हणाल तर हीच. लिंबू नको, त्याचा वास वेगळा पडतो. चिंच आणि कोकम घालून पाहायचं असेल तर पाहा, बरं लागतं. पण मग त्याला मिसिसिपीचं नाव देऊ नका.

जास्त झालेलं आंबट साखरेच्या अर्ध्या चमच्यानं आणि बटरच्या लहान तुकड्यानं सौम्य होतं.

थोडा कांदा-लसूण मसाला घातला तर?

घरात पाहुणे मराठी असले की हा मोह होतोच. दोन गोष्टी लक्षात घ्या. लाल तिखट आणि मसाल्यांची कच्ची चव जायला तेलात परतणं लागतं आणि स्लो कुकरमध्ये परतणं होत नाही. कोरडा मसाला तसाच भुरभुरवला तर आठ तासांनीही घशाला लागतो. घालायचाच तर चमचाभर मसाला तेलात मिनिटभर परतून घाला. दुसरं, लवंग, दालचिनी, मसाला वेलची असे अख्खे गरम मसाले मंद आचेवर तासन्‌तास राहिले की सगळ्यांवर कुरघोडी करतात. एखादी लवंग पुरे.

शेपू आणि गरम मसाला यांचं मात्र पटत नाही. मसाला घालणार असाल तर रँच कमी करा. मला विचाराल तर तिखट हवं असणाऱ्यांना पानात ठेचा वाढावा आणि भांडं आहे तसं राहू द्यावं.

बटाटे, गाजरं सोबत शिजवता येतील?

येतील, पण भाज्या मांसाच्या खाली आणि भिंतीलगत लावा, वर नाही. स्लो कुकरमध्ये मुळं मांसापेक्षा सावकाश शिजतात, आणि भिंतीजवळ आच जास्त. त्यात हा रस आंबट. आंबटामुळे भाजीच्या पेशींना धरून ठेवणारं पेक्टिन लवकर विरघळत नाही, त्यामुळे बटाटे शेवटपर्यंत करकरीत राहिल्याची तक्रार येते. तुकडे इंचभराचेच ठेवा. बटाटा खारट रस पितो हेही गणितात धरा. वेगळे उकडून कुस्करलेले बटाटे मला याबरोबर जास्त आवडतात.

रस पातळ आहे.

मांस काढून रस पातेल्यात घ्या आणि गॅसवर उघडा आटवा. घाई असेल तर एक मोठा चमचा कॉर्नफ्लोअर गार पाण्यात कालवून उकळत्या रसात घाला. आटवताना खारटपणाही वाढतो, आधी चाखा.

गोठलेलं मांस थेट टाकलं तर चालेल का?

नाही. इथे चवीचा नाही, पोटाचा प्रश्न आहे. ४ ते ६० अंश सेल्सिअस या पट्ट्यात जंतू झपाट्यानं वाढतात. गोठलेला दीड किलोचा तुकडा स्लो कुकरच्या मंद आचेवर या पट्ट्यात तासन्‌तास रेंगाळतो. आदल्या दिवशीच फ्रिजच्या खालच्या कप्प्यात ठेवा. एवढ्या तुकड्याला सुटायला दीड दिवसही लागू शकतो.

याच कारणानं रात्री भांडं भरून टायमर लावायचा आणि पहाटे आपोआप सुरू करायचं, असं करू नये. भरायचंच तर काढता येणारं भांडं फ्रिजमध्ये ठेवा आणि सकाळी बसवा. गार भांड्यासाठी अर्धा तास जास्त धरा. शिजल्यावर वॉर्म सेटिंगवर दोन-तीन तास राहिलं तर हरकत नाही.

भारतात करणाऱ्यांसाठी: मधेच वीज गेली आणि तुम्ही घरी असाल तर भांड्यातलं सगळं पातेल्यात काढून गॅसवर मंद आचेवर पुढे शिजवा. बाहेरून आलात आणि घड्याळ लुकलुकतंय, वीज किती वेळ नव्हती ते कळायला मार्ग नाही, तर ते अन्न टाकलेलं बरं. जीवावर येतं, पण टाका.

प्रेशर कुकरमध्ये किंवा इन्स्टंट पॉटमध्ये?

होतं. इथे मात्र पाणी हवंच: एक कप स्टॉक. दीड किलोचे तीन-चार मोठे तुकडे करा. इन्स्टंट पॉटमध्ये हाय प्रेशरवर ६० ते ७० मिनिटं, मग वाफ आपोआप जाऊ द्या; लगेच सोडली तर मांस आखडतं. साध्या कुकरमध्ये एक शिट्टी झाल्यावर गॅस अगदी बारीक करून पन्नास-साठ मिनिटं. चव जवळपास तीच येते, रस पातळ येतो. पाकिटातली पूड तळाशी बसून करपू शकते म्हणून आधी स्टॉकमध्ये कालवून घ्या.

अमेरिकेतला स्लो कुकर भारतात नेऊ का?

नको. तो १२० व्होल्टचा, भारतातली वीज २३० व्होल्टची. तापणाऱ्या तारेवर व्होल्टेज जवळपास दुप्पट झालं की ती पावणेचारपट वीज ओढते. नुसता पिनचा अडॅप्टर लावून बटण दाबलं तर कुकर जळतो. ट्रान्सफॉर्मर घ्यायचा खर्च आणि बॅगेतलं जड भांड्याचं वजन बघता भारतातच घ्यावा. विजेचं म्हणाल तर आठ तासांना साधारण दीड युनिट लागतं.

शाकाहारी करता येईल का?

कच्च्या फणसाचं बरं होतं, रेषा सुटतात. ओ ज्यूच्या पाकिटाच्या जागी भाज्यांचा स्टॉक, वर थोडा सोया सॉस, लो वर चार तास. पनीर घालू नका, रबर होतं.

आणि कुणी म्हणेल, मग राजमा घालू. घाला, पण कच्चा राजमा स्लो कुकरमध्ये थेट कधीही नाही. त्यात फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचं विषारी द्रव्य असतं, ते खळखळ उकळल्यानंच नष्ट होतं. मंद आचेवर ते टिकतं आणि उलट्या, जुलाब होतात. पाच तास तरी भिजवा, ते पाणी फेका, ताज्या पाण्यात अर्धा तास खळखळून उकळा आणि मगच कुकरमध्ये टाका. गंमत अशी की स्लो कुकरचा जन्मच कडधान्यांसाठी झाला. अर्व्हिंग नॅक्सन यांना १९४० साली ज्या यंत्राचं पेटंट मिळालं त्यामागे लिथुएनियातल्या ज्यू घरांत शब्बाथसाठी रात्रभर शिजवत ठेवायच्या चोलेंट या कडधान्याच्या रश्शाची आठवण होती. १९७०च्या सुमारास रायव्हल कंपनीनं तो धंदा विकत घेतला आणि १९७१ला क्रॉक-पॉट नावानं बाजारात आणला.

कशाबरोबर खायचं?

तिकडे कुस्करलेले बटाटे, अंड्याच्या नूडल्स किंवा भात. आपल्याकडे लादी पाव. पाव मधून कापून तव्यावर बटर लावून भाजायचा, आत रोस्ट, वर भांड्यातलीच एक मिरची उभी चिरून. ज्वारीच्या भाकरीबरोबर मी सहसा देत नाही. रस लोणकट असल्यानं भाकरी जड होते. गरम भात मात्र हा रस झकास पितो. सोबत कच्चा कांदा, काकडी असं काहीतरी थंड, करकरीत हवंच.

उरलेलं किती दिवस टिकतं?

फ्रिजमध्ये तीन-चार दिवस, फ्रीझरमध्ये दोन-तीन महिने. जेवण झाल्यावर दोन तासांच्या आत उथळ डब्यात काढा. मांस रसासकट ठेवा, कोरडं ठेवलं तर दुसऱ्या दिवशी तारा होतात. सकाळी डबा उघडला की वर पिवळसर चरबीचा थर गोठलेला दिसतो. तो चमच्यानं उचलून टाका, खालचा रस जेलीसारखा थरथरत असेल तर चक चांगला मिळाला होता. पुन्हा गरम करताना स्लो कुकर वापरू नका, तो फार सावकाश तापतो. गॅसवर किंवा मायक्रोवेव्हमध्ये वाफा येईपर्यंत गरम करा आणि बाटलीतलं आंबट पाणी अर्धा चमचा वरून घाला.